शिणेमातलं कुंकू

रविवार, डिसेंबर १९८६. विक्रोळी

आमच्या सुमीने माझा शिणेमा काढला. गुणाची नात. मी दारात तांदूळ निवडते, एवढाच शिणेमा. आज भिंतीवर चादर लावून दाखवला. सगळं काळंपांढरं, पण माझ्या कपाळावर लालभडक कुंकू! पोरीने पट्टीवरच्या एकेका चित्रात ब्रशने भरलंय म्हणे. हे गेल्यापासून कपाळ मोकळंच माझं. बघताना हात सारखा कपाळाकडे. असं का झालं?

सूनबाई भडकली, "सुमे, चाळीला हे दाखवणार? वाट लावशील आमची!"

सुमी म्हणाली, "आजी, तू सांग. पुसू का?"

कुंकू तरी केवढं, मुगाएवढं.

म्हटलं, "पुसू नको गं. जरा मोठं कर. मी मोठं लावायची."