राज्यमार्गाच्या यादीतून वगळलेला रस्ता

दि. १९ नोव्हेंबर २०२५

सव्वा वर्ष या वहीत मी एक ओळ लिहिली नाही आणि धाकट्या भावाशी, नितेशशी, एक शब्द बोललो नाही. दोन्हींबद्दल माफी मागतो.

मी, किशोर वामनराव काळमेघ, वय ४७, अविवाहित, महाविद्यालयात ग्रंथालय सहायक, राहणार जठारपेठ, अकोला, कोणाच्याही दबावाखाली नसताना ही माझ्या मालमत्तेची व्यवस्था लिहून ठेवतो. तब्येत ठणठणीत असल्याचे डॉक्टरांनी गेल्या महिन्यात सांगितले. मनाची हमी मीच देतो. ती कितपत धरावी हे वाचणाऱ्याने ठरवावे.

१. बाळापूर तालुक्यातील निंबखेडच्या घरातला माझा अर्धा हिस्सा नितेशला द्यावा. चतुःसीमेत पूर्वेस ‘राज्यमार्ग’ असे लिहिले आहे, ते आता खरे नाही. आधी ती कापसाच्या बंड्यांची वाट होती. बाहत्तरच्या दुष्काळात माझी आई मैनाबाई हिने त्यावर खडी फोडली. पुढे डांबर आले, राज्यमार्गाचा क्रमांक आला, एसटी आली. आता कोसभर पलीकडून चौपदरी सडक गेली आणि आमचा रस्ता यादीतून वगळून ग्रामीण मार्ग झाला. कागदावर एवढे एका ओळीत होते.

२. वडील वामनराव या रस्त्यावर मैलकुली होते. सहा किलोमीटरचे खड्डे आणि कडेचे निंब सांभाळणे ही त्यांची नोकरी. त्यांचे फावडे, घमेले आणि डांबर शिंपायची झारी नितेशकडेच राहावी. अंगणातला ‘अकोला २९’ हा दगड मात्र सरकारी आहे. वडिलांनी तो उखडलेला पाहून घरी आणला. तो संबंधित कार्यालयात जमा करावा. नितेश हसेल, तरी करावा.

३. वाहनांच्या मोजणीची नोंदवही माजी सरपंच भगवंत यांना द्यावी. तिची हकीकत अशी. चौपदरीच्या नकाशात निंबखेडला रस्त्याखालून जायला बोगदाही नव्हता, थांबाही नव्हता. हरकतीसाठी तीस दिवस होते. अर्ज लिहायचे काम गावाने माझ्यावर टाकले. मी रजा टाकून सात दिवस फाट्यावर बसलो आणि ४,३१८ वाहने मोजली. बुधवारचा आकडा पटेना म्हणून पुढचा बुधवार पुन्हा मोजला. तीन मसुदे फाडले. भगवंत रोज चहा पाठवीत आणि म्हणत, “घाई करू नोका किशोरभाऊ, पक्कं लिवा. तुमच्यासारखा शिकेल मानूस गावात दुसरा नाही.” त्यांच्या शेताला नव्या रस्त्यामुळे भाव येणार होता आणि नकाशा बदलला तर तो जाणार होता, हे मला नंतर कळले. अर्ज मी एकतिसाव्या दिवशी दिला. कारकुनाने न वाचता परत केला. भगवंतांना मी चार वर्षे दोष दिला. पण तारीख मला माहीत होती.

४. पुस्तके महाविद्यालयाला द्यावीत. उसनी नेलेली पुस्तके परत न देणाऱ्यांची यादी शेवटच्या पानावर आहे. त्यांना माफी नाही.

५. जठारपेठेतील दोन खोल्यांचे घर नितेशची मुलगी आचल हिला, एकटीच्या नावाने, शिक्षण पूर्ण करण्यासाठी द्यावे. एसटी चौपदरीवरून जाऊ लागली, तशी आचल आणि तिची मैत्रीण पायल तीन किलोमीटर चालून, दुभाजक ओलांडून कॉलेजची गाडी धरत. गेल्या वर्षी तिथे पायलला गाडीने उडवले. पाय वाचला, पण ती अजून काठी घेऊन चालते. नितेशने आचलला घरी बसवले. मी विरोध केला तेव्हा तो शांतपणे म्हणाला, “दादा, मोजणं झालं काय तुह्यं? मंग आता इच्या कालेजची एस्टी कुठून जाते, थे बी लिहून ठेव.” मी ताटावरून उठलो. आता तिच्यासाठी स्थळ पाहत आहेत असे ऐकतो.

इथपर्यंतचा हा चौथा मसुदा. तो साक्षीदारांना वाचायला दिला, कारण न वाचता केलेली सही मला चालत नाही. शेजारच्या लीलाबाईंनी चष्मा लावून वाचला आणि सही केली. ग्रंथालयातले माझे सहकारी धर्मपाल पाचव्या कलमावर थांबले.

“सर, म्हंजे त्या पोरीनं शिकासाठी तुमच्या मरनाची वाट पाहाची काय? तब्येत त तुमची टनाटन आहे.”

मी म्हणालो, कायद्याने मृत्युपत्र असेच असते.

“कायद्यानं असते. पन एक खोली त आजच रिकामी आहे न.”

‘शिक्षण पूर्ण करण्यासाठी’ हे शब्द कलम ५ मधून मी खोडले आहेत. खाडाखोडीशेजारी तिघांच्या सह्या आहेत. बाकी मजकूर कायम.

साक्षीदार: १. लीलाबाई पुंडकर (सही) २. धर्मपाल वानखडे (सही)
लिहून ठेवणार: किशोर वामनराव काळमेघ (सही)
ठिकाण: अकोला. तारीख वर दिलीच आहे, तीच खरी.

उद्या: पहिल्या गाडीने जाऊन चौपदरीवर उतरणे, निंबखेडपर्यंत चालणे आणि आचलला घेऊन येण्याबद्दल नितेशला तोंडाने विचारणे.