कशानचा गालिचा आणि तुमची सही

प्रिय आप्पा,

तुम्हाला जाऊन दहा महिने झाले. इतक्या दिवसांत पत्र लिहावंसं एकदाही वाटलं नाही. पण काल कल्पनाबेन आल्या, आणि आज मी दुकान न उघडता घरीच, लिंबायतला, हे लिहीत बसलेय. मला तुमच्याशी भांडायचंय. जिवंतपणी कधी भांडले नाही, तीच चूक झाली.

कल्पनाबेन आठवतात? सहा वर्षांपूर्वी एक गालिचा दाखवायला आल्या होत्या. काल तोच रिक्षात घालून आणला. लेकीच्या नव्या घरी द्यायचाय, त्याआधी नीट धुऊन द्या म्हणाल्या. सोबत तुमचा कागद होता. 'इराणातल्या कशान शहराचा, हातविणीचा, शंभर वर्षं जुना.' खाली तुमची लांब शेपटीची सही.

मी गालिचा उलटा केला, आणि ओळखला, आप्पा.

तुमची सही म्हणजे काय होती, ते मला कोणी सांगायला नको. अमळनेरहून तुम्ही सुरतेत, उधन्याला, कापडाच्या लूमवर आलात. तिथला आवाज सोसेना म्हणून नानपुऱ्यातल्या एका पारशी शेठच्या दुकानात गालिचे धुवायला लागलात, धुता धुता शिकलात, आणि मग स्वतःचं दुकान काढलंत. शेजारच्या मुली घरी बसून साड्यांना टिकल्या चिकटवायच्या, तेव्हा तुम्ही मला गालिच्याची लव बोटांनी उलगडून मुळाशी रंग कसा बघायचा ते शिकवत होतात. सुरतेत कुठे इराणी गालिचा निघाला की लोक म्हणायचे, आधी आप्पांना दाखवा. केवढा अभिमान वाटायचा मला!

मग तुमच्या डोळ्यांचा पडदा खराब झाला. आता काही करता येणार नाही, असं डॉक्टर म्हणाले. परत येताना रिक्षात तुम्ही माझा हात धरलात. “बेटा, माले आते रंग दिखत नही. आतेपासून तूच देख. पन कोनले सांगू नको.”

मी कोणाला सांगितलं? माझ्या नवऱ्यालासुद्धा नाही. गिऱ्हाइकासमोर तुम्ही गालिच्यावरून हात फिरवायचात, मी शेजारी बसून हळूच अहिराणीत सांगायचे, आणि तुम्ही तेच मोठ्याने गुजरातीत बोलायचात. आईला तेवढं कळलं होतं. ती विचारायची, यात तुझं नाव कुठे आहे? मी म्हणायचे, आप्पांचं नाव तेच माझं.

कल्पनाबेन पहिल्यांदा आल्या त्या दिवशी मला यायला उशीर झाला. तोवर तुम्ही नुसत्या हाताने चाचपून त्यांना सांगून बसला होतात, कशान. मी लव उलगडली. वर फिका दिसणारा लाल रंग मुळाशी भडक होता. मी वाकून तुमच्या कानात म्हटलं, “आप्पा, हाऊ कशान नही. काश्मीरना शे. रंग धुईसन जुना करेल शे.” तुम्ही मान डोलावलीत. आता सांगतील, असं समजून मी गच्चीवर वाळणारे गालिचे उलटायला गेले. खाली आले तेव्हा त्या कागद घेऊन निघून गेल्या होत्या. सांगितलं ना, असं मी विचारलं. तुम्ही हो म्हणालात.

माझ्याशी खोटं बोललात, आप्पा? मी तर तुमचे डोळे होते.

पुढे बाजारातल्या व्यापाऱ्यांनी तुमचा सत्कार केला. तुमच्यानंतर कोण, असं कोणीतरी विचारलं. तुम्ही म्हणालात, “माझ्यानंतर सुरतेत हे ओळखणारं कोणी नाही.” तुमची शाल आणि काठी सांभाळत मी शेजारीच बसले होते. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. म्हातारा माणूस, भरात बोलला, अशी स्वतःची समजूत घातली.

काल मात्र मी कल्पनाबेनना खरं सांगितलं. त्यांनी कागद पुन्हा वाचला आणि विचारलं, वडील एक म्हणतात, तुम्ही दुसरंच, मग कोणाचं खरं धरू? मी म्हटलं, माझं. आणि तुमच्या डोळ्यांचंही सांगून टाकलं. पहिल्यांदाच, कोणालातरी.

त्यांनी कागदाची घडी घातली. मग म्हणाल्या, “तुम्ही तेव्हा त्यांच्या कानात काही बोलला होतात. मी विचारलं, तुमची दीकरी काय म्हणते? ते म्हणाले, चहा टाकू का विचारतेय.”

चहा, आप्पा?

एकदा तोंडून गेलेला शब्द मागे घेणं तुम्हाला जड गेलं असेल. पण पुन्हा तपासल्यावर वेगळं निघालं, एवढं म्हणता आलं नसतं? की माझी लेक म्हणतेय, हे सांगायची लाज वाटली? मी बाई म्हणून? की भीती वाटली, मग लोक मलाच विचारायला येतील याची? आता कोणाला विचारू!

कल्पनाबेन रागावल्या नाहीत. गालिचा देखणा आहे, लेकीला हाच देणार म्हणाल्या. पण खरं लिहिलेला कागद हवा होता. मी लिहिलं: काश्मीरचा, हातविणीचा, पंचविसेक वर्षांचा, काम उत्तम. खाली सही केली. अशा कागदावर माझी ही पहिलीच सही. त्यांनी माझं नाव मोठ्याने वाचलं, बरोबर वाचलं का विचारलं, आणि कागद पर्समध्ये ठेवला. तुमचा कागद त्यांनी दुकानातच सोडला. मी तो फाडला नाही. फाडावासा मात्र वाटला.

आप्पा, एक शब्द देते. यापुढे तुमचा कागद घेऊन कोणीही आलं, तरी मी त्यांच्यासमोर लव उलगडून बघेन आणि दिसेल तेच सांगेन. मोठ्याने, गुजरातीत. तुमचं चुकलं असेल तर चुकलं म्हणेन. आणि हे मी कोणाकडून शिकले, असं कोणी विचारलं, तर आधी तुमचंच नाव घेईन. तुम्ही माझं घेतलं नाहीत, तरीही.

तुमची,
सुनंदा