सावकाराचे पेढे

शेवगाव, कार्तिकातला शुक्रवार, १९४७

उद्या घर गहाण टाकायच्या कागदावर माझी सही, म्हणून सावकाराने आजच पेढे धाडले. चिरंजीवांना सोडावॉटरचं यंत्र घ्यायचंय, त्यापायी हे सगळं. स्वारी खूश! “दादा, महिन्याला वीसच रुपये, बारा वर्षं. कळायचंसुद्धा नाही.”

गाढवा, पंधराशे घेऊन जवळजवळ एकोणतीसशे देणार तू! म्हणजे एक कर्ज घ्यायचं आणि दोन फेडायची. याच ओसरीवर मी याला मांडीवर घेऊन कविता शिकवल्या. चाली अजून पाठ आहेत, गुणाकार तेवढा विसरला.

वर पेढे घेऊन आलेले दिवाणजी काय म्हणतात? “गुरुजी, पेढ्यांचे पैसे मुद्दलात धरलेत.” निर्लज्ज!

पुडा त्यांच्याच हाती परत दिला. सही नाही म्हणजे नाही. चिरंजीव रुसून आत बसलेत. त्यांनी एक पेढा आधीच खाल्लाय. त्याचं व्याज किती लागतं, बघू.