दुभाष्याची सही

वरोर,
ता. १४ डिसेंबर १९५९

चि. भिकूस तुझ्या भावोजीचा आशीर्वाद.

दिवाळीत तुझं पत्र आलं आणि उत्तर लिहायला आज बसलो, याचा राग धरू नकोस. चार वेळा कागद घेतला आणि चारही वेळा चुलीत घातला. तिसरीपर्यंत शिकलेल्या माणसाला लिहिता येतं, पण काय लिहू नये ते कळत नाही. तुझी बहीण हंसा बरी आहे, खोकला तेवढा जात नाही. बोंबील यंदा चांगले वाळले, थोडे पाठवले आहेत. मुंग्या लागायच्या आत डब्यात भर. घोलवडला चिकूची तोड जोरात असेल, तुला फुरसत नसेल. तरी हे पत्र बागेत चारचौघांत उघडू नकोस.

लडक्या सुटल्याचं कानावर आलंच असेल. जामिनावर सुटला आहे, निर्दोष नाही, हे विचारील त्याला सांगत जा. हायकोर्टाने ठाण्याच्या कोर्टाची जन्मठेप रद्द केली आणि खटला पहिल्यापासून चालवा म्हणाले. माझा चंद्रा जाऊन तीन वर्षं होत आली. मारणारा स्वतःच्या तोंडाने 'मी मारला' म्हणतो आणि कोर्ट म्हणतं, हा कागद आम्ही वाचणार नाही! हे कसलं शहाणपण?

सरकारी वकिलाने मला निकाल समजावून सांगितला. डहाणूच्या मॅजिस्ट्रेटने कबुलीजबाब घेताना लडक्याला विचार करायला वेळ दिला नाही. बोलायची सक्ती नाही हे सांगितलं नाही. पोलीस उंबऱ्यातच उभा होता. आणि शेवटची गोष्ट सांगण्याआधी वकिलाने चष्मा काढून पुसला.

"रामाभाऊ, दुभाषी म्हणून खाली सही कोणाची आहे?"

तुला ठाऊक आहे. तू दाराशीच होतास. साहेब देशावरचा, नवा. तलासरीकडच्या पाड्यावरची लडक्याची बोली त्याला कळेना. नेहमीचा दुभाषा तापाने घरी पडलेला. साहेब म्हणाला, "इथे याची भाषा कोणाला येते?" मी पुढे झालो. चाळीस वर्षं त्या पाड्यांवर सुकी मासळी विकली, मला येणार नाही तर कोणाला? तू कोण, मयताचा कोण, हे एकानेही विचारलं नाही. कारकुनाने 'रामा, राहणार वरोर' लिहून शाई पुढे सरकवली. वरोरात रामा डझनभर आहेत. मी म्हणालो, "अंगठा कशाला? सही येते मला." आणि मोठ्या झोकात पुरं नाव लिहिलं, रामा गोविंद तांडेल. वर मयताचं नाव होतं, चंद्रा रामा तांडेल. ठाण्यात कोणाच्या ध्यानात आलं नाही. हायकोर्टात लडक्याच्या वकिलाने दोन नावांवर दोन बोटं ठेवली आणि झालं.

झोपेत मी ती सही पुसतो. पुसली जात नाही.

परवा डहाणूच्या बाजारात लडक्या दिसला. खांद्यावर पोर, मागे बायको तानी. मला वाटलं तोंड चुकवील. तर समोर येऊन उभा राहिला.

"बाबा, बरा हायस ना?"

"तुझ्या तोंडून माझी खुशाली नको," मी म्हणालो.

"नको तर नको. पण माझं अर्धंच का सांगितलंस रे साहेबाला? मी तुझ्या भरवशावर बोललो होतो."

माझ्या पाटीत मासे कापायची सुरी होती. हात तिच्यावर गेला होता, भिकू, खोटं सांगत नाही. तानीने पाहिलं आणि पोराला खाली उतरवून आपल्या पाठीशी घेतलं. मी हात काढला. दया आली म्हणून नाही. त्याला मी मारला तर ते माझ्या रागाचं होईल. मला तो सरकारी शिक्क्याने गेलेला हवा, म्हणजे माझ्या चंद्राचं काही चुकलं नव्हतं हे कागदावर राहील.

आता कामाचं. फेरखटल्याची तारीख अठ्ठावीस जानेवारी. लडक्याचा वकील तुला साक्षीला बोलावणार, कोयता ओळखायला. पोलिसांनी तो लडक्याचा म्हणून लावला आहे. तो तूच घोलवडच्या लोहाराकडून घडवून आम्हाला आणला होतास आणि मुठीला जाळ्याची दोरी मी गुंडाळली होती. कोर्टात कोयते पुष्कळ येतात. सगळे सारखेच दिसतात. तू नुसतं म्हण, साहेब, सांगता येत नाही.

हंसा नारळ सोलायला शेजारच्या जमुनाकडून कोयता मागून आणते. आपला कुठे गेला, हे तिने तीन वर्षांत एकदाही विचारलेलं नाही.

लडक्या त्या दिवशी काय बोलला ते दाराशी तूही ऐकलंस. "चंद्रा प्यालेला होता, त्याने तानीचा हात धरला, मी सोडवायला गेलो तर त्याने कोयता उचलला, मी हिसकावला आणि मारला." साहेब माझ्याकडे पाहत होता. मी म्हणालो, "हा म्हणतो, कोयत्याने मारला." एवढंच. सांग, बापाने बाकीचं कुठल्या तोंडाने सांगायचं होतं?

मी खोटं बोललो नाही. मधलं सोडलं. तूही मधलंच सोड, एवढं मागतो. तुझ्या बहिणीच्या पोटच्या पोरासाठी मागतो. आणि तुला ते जमणार नसेल, तर माझ्या दारात पाऊल ठेवू नकोस. मी मेल्यावरही नको.

वाचून हे चुलीत घाल. टपालवाला येतो तेव्हा मी वेशीवर उभा असतो, लोक हसतात. एका कार्डावर लिही, ओळखणार की नाही. तारखेआधी लिही, भिकू, उद्याच लिही.

तुझा भावोजी.

(इथे सही करत नाही. अंगठा उठवला आहे. तू ओळखशील.)