बॅलन्स रॉडचे दोन बुश

पुसेगाव,
मंगळवार, दुपार

प्रिय नंदिनी,

पाकिटावरचं माझं अक्षर ओळखून तू पत्र न फोडताच बाजूला ठेवशील अशी भीती वाटली, म्हणून पत्ता मी शेजारच्या सोनाजीच्या सुनेकडून लिहून घेतला. आत मात्र मीच आहे. एवढं वाचलंसच तर पुढंही वाच.

फोन का केला नाही, असं तुला वाटेल. तीस वर्षं हिंगोलीच्या बसस्थानकात खिडकीत बसून मी गाड्या पुकारल्या. आता फोन कानाला लावला की आपोआप तोच आवाज लागतो. मागं तुझ्या मावशीला फोनवर वाढदिवसाच्या शुभेच्छा दिल्या तर ती रडकुंडीला आली, तुझ्या आईला विचारती, "भाऊजी एवढे काहून चिडलेत माझ्यावर?" पत्रात आवाज चढत नाही. चढला तर खोडता येतो. तू बघशीलच, दोन ठिकाणी खोडलंय.

आधी गाडीची खबर देतो. आपली पांढरी गाडी अजून आहे. सोळा वर्षांची झाली, दारं अजून एका हातानं लागतात. पण मागच्या दिवाळीपासून तिच्या पुढच्या अंगातून एक आवाज सुरू झाला. सरळ डांबरी रस्त्यावर काही नाही. शाळेजवळच्या गतिरोधकावरून किंवा आपल्या गल्लीतल्या दगडांवरून सावकाश आलं की खालून खडखड, खडखड, जसं कुणी पत्र्याच्या डब्यात सुपाऱ्या घालून हलवतंय. तुझी आई पहिल्याच आठवड्यात भाजी वाढता वाढता म्हणाली, "अहो, बुश गेले असतील." स्वयंपाकघरात आयुष्य गेलेल्या बाईच्या तोंडी हा शब्द कुठून आला, हे मला तेव्हाच सुचायला पाहिजे होतं. मी फक्त एवढंच ऐकलं की या घरात तो शब्द पुन्हा निघाला, आणि ताटावरून उठलो.

त्या शब्दानं आपल्या घरात काय केलं ते तुला सांगायला नको. तरी मी ते मला आठवतं तसं लिहितो, कारण चार वर्षं ते माझ्या एकट्याच्याच डोक्यात फिरतंय. हट्टा गावचे रामप्रसादराव बायको-मुलाला घेऊन तुला बघायला आले होते. चांगलं घर, बागायती जमीन, मुलगा बँकेत. मी सकाळपासून इस्त्रीच्या सदऱ्यात. तू पोह्यांचा ट्रे आणलास, समोर ठेवलास, आणि कुणी तुझं नावही विचारायच्या आत म्हणालीस, "काका, तुमच्या गाडीचे पुढचे बॅलन्स रॉडचे बुश गेलेत. गल्लीत येताना ऐकलं मी." मुलाच्या आईचा चमचा तोंडाजवळच थांबला. रामप्रसादराव म्हणाले, "म्हंजे काय ओ?" आणि तू त्यांच्यासमोर खाली बसून दोन चमचे आणि एक लिंबाची फोड घेऊन त्यांना समजावलंस, की पुढच्या दोन चाकांना जोडणारा एक लोखंडी दांडा असतो, वळणावर गाडी एका अंगाला कलू नये म्हणून. तो दोन रबरांत, म्हणजे बुशांत, बसवलेला असतो. ती रबरं झिजली की दांडा जागच्या जागी आपटतो. सोळा मिनिटं चाललं ते. मी घड्याळ बघत होतो, सवय जात नाही. मुलानं तोवर तीन वेळा पोहे घेतले.

दोन दिवसांनी निरोप आला, मुलगी हुशार आहे पण आमच्याकडं जमणार नाही. मग मी जे बोललो ते अख्ख्या गल्लीनं ऐकलं. "गाड्यांशीच बोलायचं असंल तर गाड्यांतच जाऊन राहा, या घराला तोंड दाखवू नको." तू सकाळी सव्वासहाच्या गाडीनं नांदेडला गेलीस, तिथल्या गॅरेजात काम धरायला. मी खाटेवर जागाच होतो. गाडी वेळेवर गेली एवढंच मनात नोंदवलं, असला मी माणूस.

तर खडखड सुरू झाल्यावर मी ठरवलं, काहीही असो, बुश नाही. तीस वर्षं गाड्यांत काढलेल्या माणसाला आवाजाचं कारण सापडणार नाही होय? आधी डिकी रिकामी केली. जॅक, पाना, दोन वर्षांपूर्वीचा एक नारळ, तुझ्या आईची हरवलेली छत्री, सगळं बाहेर काढलं. आवाज तसाच. मग तुझ्या आईला मागं बसवून म्हणालो, सीट दाबून धर. तिनं सेनगावपर्यंत धरली. आवाज तसाच, वर तिची पाठ धरली. मग हिंगोलीला जाऊन शॉकअप बदलले. परत येताना शाळेजवळ खडखड झाली तेव्हा शाळेतल्या लेकरांनी टाळ्या वाजवल्या. त्यांना तो ताल पाठ झाला होता.

खरं सांगू का, मला हळूहळू तो आवाज आवडायला लागला. मी रोज पाच वाजता फाट्यावर आमच्या रिटायर मंडळींत जाऊन बसतो आणि पावणेसातला परत येतो. गल्लीच्या तोंडाशी खडखड झाली की सोनाजीच्या शेळ्या उठून उभ्या राहायच्या, सोनाजी बिडी विझवायचा, आणि मी दारात पोचेपर्यंत तुझी आई पदर सावरून उभी, चहा तयार. मी मनात म्हणायचो, वैजनाथ, तुला गावात मान आहे आणि घरात माया आहे.

मग बारा दिवसांपूर्वी सोनाजीची गाभण शेळी लंगडायला लागली. त्याला सेनगावच्या जनावरांच्या दवाखान्यात जायचं होतं. मी म्हणालो, चल, गाडी आहे. शेळी मागं सोनाजीच्या मांडीवर पोत्यावर बसली, नवरीसारखी शांत. शाळेजवळ गतिरोधक आला, खालून खडखड झाली, आणि लंगडी म्हणून निघालेली ती शेळी एका उडीत पुढं माझ्या मांडीवर आली. तिचा एक पाय हॉर्नवर. ती काढायला जावं तर ती दाढीला चाटती. समोरून येणारा ट्रॅक्टरवाला गाडी बाजूला घेऊन हात जोडून उभा राहिला. दवाखान्यात डॉक्टरांनी शेळी तपासली, म्हणाले, पायाला काही न्हाई, काटा होता, निघून गेला. मग माझ्याकडं बघून म्हणाले, "गाडी मात्र दाखवा कुणाला तरी."

परतीच्या वाटेवर नेमसिंगचं गॅरेज लागतं. नेमसिंग राठोड, तांड्यावरचा, तुझ्याहून दोन वर्षं मोठा. सोनाजी आणि शेळी बाभळीखाली बसले. नेमसिंगनं गाडीचं नाक दोन हातांनी दाबून सोडलं, खाली झोपला, लोखंडी कांबीनं दांडा हलवला. खट्. कांब काढली, पुन्हा हलवला. खट्. तो खालूनच म्हणाला, "आप्पा, शॉकअप तं चांगलेच व्हते. बुश गेलेत." मी म्हणालो, "दुसरं काही बघ." तो म्हणाला, "दुसरं काही न्हाईच तं काय बघू?" आणि हात पुसत उठून त्यानं कपाटातून एक पाकीट काढलं. आत दोन नवे काळे बुश आणि त्यांच्या दोन पट्ट्या. आपल्याच गाडीच्या मापाचे. मी विचारलं, "माझ्या गाडीचं सामान तुझ्याकडं आधीपासून कसं?" तर त्याला एकदम खोकला आला, तो पाच मिनिटं थांबेना. पाकिटावर नेमसिंगचा पत्ता होता. खाली कोपऱ्यात पाठवणाऱ्याचाही. ते अक्षर मी पहिलीपासून बघितलंय. माझ्याच हातानं गिरवून घेतलंय. 'ण'चा दांडा तू अजूनही रेषेच्या खाली नेतेस. आठ महिन्यांपूर्वीचा शिक्का होता त्यावर.

बुश मी त्याच्या हातात दिले. पाकीट खिशात घातलं आणि म्हणालो, "बसव."

मी स्टूल घेऊन पूर्ण वेळ तिथं बसलो. त्यानं पुढची दोन्ही चाकं एकदम उचलली. एकच चाक उचललं की दांड्याला पीळ पडतो आणि पट्टी निघत नाही, म्हणाला. डावीकडचा बोल्ट गंजून बसला होता, त्याला डिझेल पाजून अर्धा तास वाट बघितली. जुना बुश निघाला तेव्हा त्यानं माझ्या तळहातावर ठेवला. खारकेसारखा कडक, मधलं गोल भोक लांबट झालेलं. उजवा बरा दिसत होता. मी म्हणालो, हा राहू दे. तो म्हणाला, "जोडीनंच बदलायचे आप्पा, न्हाईतर नव्याला जुन्याचा मार बसतो." नव्याला आतून साबणाचं पाणी लावलं. मी शहाणपणा केला, ग्रीस लाव. तो म्हणाला, "ग्रीसनं हे रबर खराब होतं. मला बी ठाऊक नव्हतं, नांदेडच्या म्याडमनी सांगितलं फोनवर." आणि मग त्याला पुन्हा खोकला आला. चाकं जमिनीवर टेकवली, मगच शेवटचे बोल्ट आवळले. ही तुझी सगळी शिस्त होती ना? त्याच्या हातातून मी तुझंच काम बघत होतो, नंदे. मला त्यातलं काही कळत नव्हतं, हे मला त्या स्टुलावर पहिल्यांदा कळलं.

परत येताना गाडी इतकी गप्प होती की मी दोनदा उतरून खाली काही पडलंय का बघितलं. सोनाजीला त्याच्या शेतातल्या आखाड्यावर सोडलं. गल्लीत आलो. शेळ्या बसूनच. दारात कुणी नाही. अंगणात गाडी उभी केली आणि आतून हसण्याचा आवाज आला. मला वाटलं पाहुणे आलेत. खिडकीतून बघितलं तर तुझी आई एकटी, समोर मेथी, मेथीच्या ढिगात फोन, आणि ती डोळ्याला पदर लावून हसतेय. एवढं मोठं हसताना मी तिला कधी बघितलं ते आठवेना. फोनमधून तू म्हणालीस, "आई, सात वाजत आले. आप्पांच्या गाडीचा आवाज न्हाई अजून. कुठं थांबलेत?"

तेव्हा मला उमगलं. माया चहात होती, पण तुझी आई दारात उभी राहायची ती फोन लपवून. दिवाळीपासून रोज पावणेसातला तुला माझी खडखड ऐकू यायची आणि तुम्ही दोघी घाईघाईनं बोलणं बंद करायच्या. बोलणं मात्र चार वर्षांचं. आणि त्या खडखडीवरून तू नांदेडमध्ये बसून माझ्या गाडीचं दुखणं ओळखलंस, सामान धाडलंस, आणि मी आपणहून जाईपर्यंत नेमसिंगला गप्प बसवलंस.

मी तिथून हलायला पाहिजे होतं. हललो नाही. तू सांगत होतीस, वसमतच्या रस्त्यावर जागा मिळाली, पुढच्या महिन्याच्या अकरा तारखेला स्वतःचं गॅरेज सुरू. जागा कुणाची, तर रामप्रसाद काकांची. मी खिडकीचा गज धरला. ते तुला बघून गेल्याच्या दुसऱ्याच दिवशी मेकॅनिककडं गाडी दाखवायला गेले होते म्हणे, आणि बुशच निघाले. तेव्हापासून ते तुझ्याकडंच गाडी आणतात, आणि आजही सगळ्यांना ते लिंबाचं सांगतात. ज्या माणसाचा अपमान झाला म्हणून मी चार वर्षं तोंड फिरवून बसलो, त्याला अपमान झाल्याचं कुणी कळवलंच नव्हतं!

मग आई हळू म्हणाली, "त्यांना सांगू का?" तू म्हणालीस, "नको. आले तर आनंदच आहे, पण न्हाई म्हणाले तर माझा तो दिवस नासून जाईल."

मी पाय न वाजवता गाडीत जाऊन बसलो, ब्रेक सोडला आणि उतारावरून गाडी तशीच मागं गल्लीच्या तोंडाशी जाऊ दिली. मग चालू केली आणि हॉर्न वाजवत परत आलो. तुझी आई पदर सावरत दारात आली, "अहो, हॉर्न काहून वाजवून राहिले?" मी म्हणालो, शेळ्या. त्यानंतर आज बारा दिवस झाले, मी रोज कोपऱ्यावर हॉर्न देतो, तुम्हाला बोलणं आवरायला वेळ मिळावा म्हणून. सोनाजीला वाटतं माझ्या डोक्यावर परिणाम झालाय. तुझ्या आईला अजून ठाऊक नाही की मला ठाऊक आहे. तिला तूच सांग.

नंदे, त्या दिवशी मी बोललो ते चुकलं. तू आलेल्या पाहुण्याचं भलं बघितलंस आणि मी तुला घरातून काढलं. हे लिहायला मला बारा दिवस आणि चार कागद लागले. आता ज्यासाठी लिहिलं ते सांगतो. अकरा तारखेला मला यायचंय. आईला सोडायला आलो, वाटेत होतो म्हणून आलो, असली बतावणी मला करायची नाही. न बोलावता येऊन तुझा दिवस नासवायचाही नाही. माझ्या नाही म्हणण्याची भीती तू चार वर्षं बाळगलीस, आता तुझ्या नाही म्हणण्याची मी बाळगतो, ती माझ्या वाट्याला आलीच पाहिजे. तू नाही म्हणालीस तर मी तुझ्या आईला वसमतच्या गाडीत बसवून देईन आणि एक शब्द बोलणार नाही. पण जमलं तर एक कार्ड टाक. त्यावर बाकी काही लिहू नको. फक्त लिही, "आप्पा, या."

तुझाच,
आप्पा