सोड म्हटल्यावर

संगमनेर,
९ जानेवारी २०२५

चि. ओम यास,
ताईचे अ. उ. आ.

तुझं पत्र पोचलं. व्यसनमुक्ती केंद्रात मोबाईल देत नाहीत हे बरं. फोनवर तुझा आवाज आला असता तर मी कट केला असता. पत्र कट करता येत नाही. दोनदा वाचलं.

तू विचारलंस म्हणून कळवते. तुझ्या दाजींना परवा दवाखान्यातून घरी आणलं. मानेचा मणका बसवलाय. आतली नस चेपली आहे, तुटलेली नाही. डावा हात अजून मेलेलाच आहे. उजवा मनात आणल्यावर बऱ्याच वेळाने हलतो. फिजिओच्या सुकन्या मॅडम येतात, समोर स्टीलचा पेला ठेवतात आणि पकडा म्हणतात. ह्यांची बोटं पेल्याला लागतात, पण मिटत नाहीत. पेला घसरून मांडीवर येतो. ज्या माणसाने तुला लंगोट बांधायला शिकवलं, त्याची चड्डी आता मी बांधते.

सासूबाई उंबऱ्यात बसून तुझा उद्धार करतात. मेहुणा न्हाई, काळ हाय, म्हणतात. शेजारच्या बनुबाई त्यांना रोज नवी शिवी सुचवायला येतात.

काल भरवताना ह्यांनी तोंड उघडायला उशीर केला. मी चमचा दातांवर आपटला. ओठ फाटला, वरणात रक्त पडलं. हे तसंच गिळत राहिले, म्हणून मला आणखी राग आला. राक्षस तू एकटाच आहेस अशा समजात राहू नकोस.

इकडे यायचं नाव काढू नकोस. गोळ्या घे. लोभाचं नंतर बघू.

निकिता


अहिल्यानगर,
२० जानेवारी २०२५

ती. सौ. ताईस,
ओमचा शि. सा. न. वि. वि.

इथे आणलं त्या आठवड्यात मी एका वॉर्डबॉयचा जबडा फोडला. चौघांनी मिळून मला पलंगाला बांधलं. त्यानंतर मी नुसता झोपलो. आता उठतो, पण बनियनमध्ये एक हात घातला की दुसरा घालायचा राहून जातो. तसाच बसतो. कोणीतरी येऊन घालून देतं.

इंजेक्शन घ्यायचो तेव्हा कुत्रं भुंकायच्या आत मी त्याच्याकडे वळलेला असायचो. दम लागत नव्हता, दुखत नव्हतं. तालमीत बरेच जण घेतात. आपल्या अण्णांना, बाप असून, माहीत होतं.

देवश्री डॉक्टर कॉम्प्युटरसमोर बसवतात. हिरवा दिवा लागला की कळ दाबायची, तांबडा लागला की नाही दाबायची. हिरव्यावर माझ्याइतकं जलद इथे कोणी नाही. तांबड्यावर मी प्रत्येक वेळी दाबतो. डॉक्टर म्हणाल्या, हात वेगळा आणि हाताचा लगाम वेगळा. औषधाने हात पळवला आणि लगाम तोडला. लगाम पुन्हा होतो का, विचारलं. होतो, पण हळू, म्हणाल्या.

ताई, सगळे म्हणतात की त्या दिवशी मला ऐकू आलं नसेल. मला आलं होतं. दाजी खाली होते, मी मानेला पकड घातली होती. छगन वस्ताद सोड म्हणून ओरडले. शब्द कळला. हातांपर्यंत गेला नाही. वस्तादांनी माझ्या पाठीवर काठी मोडली. मला वाटलं, शाबासकी देतायत. मग मानेतून उसाचं कांडं मोडल्यासारखा आवाज आला आणि मी आणखी दाबलं.

मंगळवारी अण्णा येऊन गेले. गावच्या यात्रेत शेवटच्या कुस्तीला माझं नाव लावलंय. मला बघून म्हणाले, पैलवान पाठवला होता, हे पोतं परत देतायत. यात्रेच्या दिवशी गाडी घेऊन येणार आहेत. सही करून नेतील.

मला दाजींना एकदा बघायचंय. दारातून चालेल.

रागातही आठवण असू द्यावी.

तुझा
ओम


संगमनेर,
४ मार्च २०२५

चि. ओम यास,
अ. उ. आ.

अण्णा परवा इथे आले होते. ह्यांच्या पायाशी बसून चहा प्यायले आणि म्हणाले, कुस्तीत माना मोडायच्याच, गोरक्षनं एवढं मनाला लावून घेऊ नये. ह्यांनी भिंतीकडे तोंड केलं. मी हाताला लागला तो पेला फेकला. अण्णांची भुवई फुटली. दोन टाके. वडील आहेत म्हणून हळद मीच लावली, आणि लावताना बोट जरा दाबलंसुद्धा.

पेल्याला पोचा आला. सुकन्या मॅडमनी विचारलं तेव्हा मी ह्यांचं नाव सांगितलं. त्या एकदम खूश झाल्या, फेकलात का, फारच प्रगती, म्हणाल्या. हे हसले. अपघातानंतर पहिल्यांदा. हसताना मान दुखली, तरी हसले.

त्या संध्याकाळी ह्यांनी तुला बोलवायला सांगितलं. कशाला, विचारलं तर यात्रेच्याच दिवशी ये, म्हणतात. रविवारी, सोळा तारखेला. म्हणजे अण्णांची गाडी तिकडे उभी असेल आणि तुला इकडे यायचं असेल. त्याला काय निवडायचं ते बघू दे, एवढंच म्हणाले.

तू येऊ नयेस असं मला वाटतं. तू कुस्तीला जाऊ नयेस असंही वाटतं. दोन्ही एकदम कसं होईल ते मला माहीत नाही. आलास तर केंद्राचा माणूस बरोबर घे. सासूबाई शेण फेकतील, जास्तीचा शर्ट आण.

तब्येतीला जप. माझ्याकडून माया मागू नकोस, असेल तर आपोआप मिळेल.

निकिता


अहिल्यानगर,
१८ मार्च २०२५

ती. सौ. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

शर्ट उपयोगी पडला.

तू दाराबाहेर होतीस. आत काय झालं ते दाजी तुला सांगणार नाहीत, म्हणून लिहितो. पण त्याआधीचं सांगतो. सकाळी अण्णा फाटकाशी जीप घेऊन आले होते. पिशवीत लंगोट होता आणि त्याच्याखाली इंजेक्शन. मी संगमनेरला जाणार म्हटल्यावर त्यांनी वॉचमनसमोर माझ्या थोबाडीत मारली. परत मारली. मी दोन्ही हात पँटच्या पट्ट्यात खोचून उभा राहिलो. पट्टा तुटेल असं वाटत होतं. अण्णा रडायला लागले आणि रडतारडता मारत राहिले. मग दमून जीपमध्ये बसले. तिकडे माझी कुस्ती पुकारली गेली असेल. कोणी आलं नसेल.

दाजींनी मला उजव्या बाजूला बसवलं. जवळ ये, म्हणाले. आणखी जवळ. मी वाकलो.

त्यांचा हात चादरीवरून उठला. ताई, तो येताना मला सगळा दिसत होता. आधी खांदा हलला, बऱ्याच वेळाने कोपर. अर्ध्यात थांबला, थरथरला, पुन्हा निघाला. तेवढ्या वेळात मी तालमीत तीन डाव केले असते. दाजींच्या कपाळावरून घाम वाहत होता. मी तोंड हलवलं नाही. हात गालाला लागला, लहान मूल लावतं तसा.

फटका लागला का, विचारलं. मी न्हाई म्हटलं. खोटं बोलायचं मनात आलं होतं, पण त्यांनी ओळखलं असतं. ते म्हणाले, मग बस तसाच.

दुसऱ्या वेळी नख डोळ्याखाली लागलं. रक्त आलं तेव्हा त्यांनी नीट निरखून बघितलं आणि व्हय म्हणाले. त्यानंतर झोपले. तू मला विचारलंस ती जखम तीच. दार लागलं असं मी तुला सांगितलं होतं.

त्यांच्यापुढे पुन्हा येऊ नकोस म्हणालीस तरी मी ऐकेन. तुझा लोभ तुटला नसेल तर एक ओळ टाक.

ओम


संगमनेर,
२४ मार्च २०२५

चि. ओम यास,
अ. उ. आ.

पत्र वाचून मी पहिल्यांदा ह्यांच्याकडे गेले. आजारी माणसाला विचारू नये तसं विचारलं, लाज वाटते का म्हणून. न्हाई, म्हणाले. मग विचारलं, माफ केलंत का. न्हाई, म्हणाले.

तू गेल्यापासून हे जेवण नीट करतात. पेल्याकडे ढुंकून बघत नाहीत. मी उशी उभी धरते आणि हे तिला मारतात. सकाळी आणि दुपारी, घाम येईपर्यंत. हात खांद्याच्या वर गेला. सुकन्या मॅडम मला विचारतात की असं काय केलंत. मी देवाची कृपा म्हणते. सासूबाई उशीला तुझं नाव ठेवून मोकळ्या झाल्या आहेत. बनुबाई बघायला येतात.

उशी धरताना माझ्या मनगटाला हादरे बसतात. पहिल्या दिवशी काहीच जाणवलं नव्हतं. काल मी मागे सरकले. मला भीती वाटली, आणि मी स्वयंपाकघरात जाऊन आनंदाने रडले.

ह्यांचं म्हणणं आहे, उशी हलते, ओम हलत नाही. पुढच्या रविवारी ये. या वेळी मी दार लावणार नाही, तिथेच उभी राहणार आहे.

अक्षय तृतीयेपर्यंत मूठ वळेल, असं मॅडम म्हणतात. तरीही येत जा.

लोभ आहेच. त्याला मी काही करू शकत नाही.

तुझी ताई
निकिता