डॉक्टर ‘व्हेरी’ म्हणाले नव्हते

प्रिय अण्णा,

तुम्हाला जाऊन चार महिने झाले. मधे दोन-तीनदा लिहायला बसले, पण पहिलंच वाक्य खोटं व्हायचं आणि मी कागद फाडून टाकायची. आज लिहितेय, कारण आज वर्गात ‘टू’ आला. दोन ओंचा, तुमचा. आणि शाळेतून घरी आल्यावर मी आईला जे सांगितलं, ते खरं तर सगळ्यात आधी तुम्हाला सांगायला हवं होतं.

दहावीचा वर्ग होता. ‘टू काढून वाक्य पुन्हा लिहा’, हा आपला ठरलेला प्रश्न. मी फळ्यावर लिहिलं, ‘ही इज टू वीक टू वॉक.’ पिंपळीहून सायकलवर येणारी एक मुलगी आहे, ती उभी राहिली. म्हणाली, “मॅडम, टू म्हणजे व्हेरीच ना? आमी ‘टू गुड’ म्हणतो की. मग टूच्या जागी व्हेरी लिहिलं तर काय बिघडतं?”

काय बिघडतं? उत्तर मला पाठ आहे, तुम्हीच पाठ करून घेतलंय. पण मी खडू खाली ठेवला. मग “धडा वाचत बसा” एवढं कसंबसं म्हणाले आणि तास संपेपर्यंत बाहेर पाण्याच्या टाकीपाशी थांबले. पोरं बिचारी गप्प बसून होती. त्यांना वाटलं, मॅडम रागावल्या.

तुम्ही असता तर किती खुलला असता या प्रश्नावर! इंदापूरकडच्या त्या शाळेत तीस वर्षं तुम्ही हेच तर शिकवलंत. “व्हेरी म्हणजे खूप. टू म्हणजे नको इतकं. व्हेरी नुसतं सांगतं, टू अडवतं. वाक्यात टू दिसला की समजायचं, पुढचं काम व्हायचं नाही.” मग कुणीतरी हात वर करून विचारायचं, “सर, मग ‘मी टू’?” आणि तुम्ही म्हणायचा, “तो शेवटी बसणारा टू निराळा. तो ‘सुद्धा’. गरीब आहे, कुणाला अडवत नाही.”

घरात तर याहून कडक कारभार. मी आठवीत असताना “चहा टू हॉट आहे” म्हणाले, तर तुम्ही कप उचलून बाजूला ठेवलात. “टू हॉट हाय ना? मग प्यायचा न्हाय. व्हेरी हॉट असता तर फुंकून पिता आला असता.” आई पदर तोंडाला लावून हसत होती. माझा चहा गार होईपर्यंत तुम्ही मला शिवू दिला नाहीत.

पण याच शब्दापायी तुमचं आणि तात्यांचं फाटलं.

तात्या तुमचे धाकटे भाऊ. गावात डाळिंबाची बाग त्यांच्याकडं, शाळा तुमच्याकडं, अशी तुमची वाटणी. सुषमा त्यांची थोरली, तुमच्याच वर्गात. मी तेव्हा स्वतः शिकवायला लागले होते, तरी तिचं इंग्रजी माझ्यापेक्षा चांगलं, हे तुम्ही माझ्यासमोर म्हणायचात आणि मला राग यायचा. दहावीचा निकाल लागला आणि महिन्याभरात तात्यांनी तिचं मोरगावकडं लग्न ठरवलं. तुम्ही तसेच उठून त्यांच्या अंगणात गेलात. मी तुमच्या मागं होते.

“भानुदास, पोरगी लहान हाय.”

“जरा लहान हाय, दादा. तिकडं गेल्यावर होईल मोठी.”

“जरा न्हाय. टू यंग हाय ती. म्हंजी लग्न करताच येत न्हाय तिचं.”

“ते तुमचं इंग्रजी शाळेत. स्थळ चांगलं हाय, मागं आणखी दोन पोरी हायत.”

आणि मग तुम्ही पाहुण्यांदेखत म्हणालात, “तू बाप न्हाईस, दलाल हाईस पोरीचा.”

तात्यांनी हातातला तांब्या खाली ठेवला आणि आत निघून गेले. लग्न झालं, आपण कुणी गेलो नाही. त्यानंतर नऊ वर्षं तुम्ही दोघं एकमेकांशी बोलला नाहीत. एकाच रस्त्यानं जायचात, एकाच देवळात यायचात. तुम्ही निवृत्त होऊन आईला घेऊन माझ्याकडं बारामतीला राहायला आलात, त्या दिवशी तात्या बागेच्या बांधावर उभे होते. तुम्ही गाडीची काच खाली केली नाहीत. मला वाटतं, तुम्ही करणार होतात. खरं ना?

गेल्या वर्षी तुम्हाला जास्त दम लागायला लागला. जिना चढताना तुम्ही मधेच कठडा धरून उभे राहायला लागलात आणि विचारलं की “पायऱ्या बघतोय” म्हणायचात. बारामतीच्या डॉक्टरांनी पुण्याला पाठवलं. हृदयाची झडप निकामी होत आली होती. पुण्याच्या मोठ्या डॉक्टरांनी मला एकटीला आत बोलावलं. ते शांतपणे म्हणाले, “मॅडम, ऑपरेशन हाच उपाय असतो. पण ही इज टू वीक फॉर सर्जरी. टेबलावरच काहीतरी होईल. घरी न्या. त्यांना आवडेल तसं राहू द्या, कुणाला भेटायचं असेल तर भेटू द्या.”

किती दिवस, विचारलं, तर म्हणाले, “काही महिने. नक्की नाही सांगता येत.”

मी बाहेर आले. औषधांच्या खिडकीसमोर तुम्ही चाकाच्या खुर्चीत बसला होता, आई कागदांची पिशवी छातीशी धरून उभी होती. तुम्ही विचारलंत, “काय म्हणाले?”

“अशक्तपणा फार आहे म्हणाले.”

“असं न्हाय. त्यांचे शब्द सांग. इंग्रजीतच सांग.”

“ही इज व्हेरी वीक.”

तुम्ही माझ्याकडं बघितलंत. “व्हेरी का टू?”

अण्णा, मी पंधरा वर्षं शिकवतेय. तुम्ही काय विचारताय ते मला तिथंच, त्या क्षणी कळलं होतं. मी म्हणाले, “व्हेरी.”

तुमचा चेहरा मोकळा झाला. आईला म्हणालात, “मग हरकत न्हाय. ताकद आली की ऑपरेशन करतील.” आणि येताना गाडीत चक्क गाढ झोपलात.

का खोटं बोलले मी? तुम्हाला धक्का बसू नये म्हणून, असं मी स्वतःला सांगत आले. ते अर्धंच खरं आहे. तुमच्यासमोर तो शब्द उच्चारायचं धाडस मला झालं नाही. तुम्हाला नाही, मी स्वतःलाच वाचवत होते. फाईलसुद्धा घरी ठेवली नाही, शाळेतल्या माझ्या कपाटात कुलूप लावून ठेवली. तुम्ही दोनदा मागितलीत. दोन्ही वेळा मी सांगितलं की ती इथल्या डॉक्टरांकडं आहे.

आणि तुम्ही विश्वास ठेवलात. पोरांच्या उत्तरपत्रिकेत खोडलेला शब्दसुद्धा ओळखणारे तुम्ही, माझं मात्र ऐकलंत. त्याचंच सगळ्यात जास्त लागतं मला.

मग सुरू झाली ताकद कमावायची धडपड. सकाळी दोन अंडी, दुपारी वरण, संध्याकाळी नाचणीची पेज. तुम्हाला जात नव्हतं. घास तोंडाशी आला की उमळून यायचं. आई म्हणायची, “एवढा एक घ्या, ऑपरेशनला लागंल.” तुम्ही डोळे मिटून गिळायचात. गॅलरीत भिंतीला हात लावून फेऱ्या मारायचात, ओठ निळे पडेपर्यंत. मी डबा भरत स्वयंपाकघरातून बघत असायची. एकदा तरी म्हणायला हवं होतं ना मी, की अण्णा, बसा आता, पुरे झालं?

एका रविवारी तुम्ही मला शेजारी बसवून घेतलंत. म्हणालात, “भानुदासाकडं जायचं हाय मला.”

“आजच जाऊ की. गाडी काढायला सांगते यांना.”

“आज न्हाय. ऑपरेशन झालं की जाऊ. त्याच्या दारात मला उभं राहून बोलायचं हाय. असा धरून उतरवलेला गेलो, तर तो दया म्हणून माफ करील. तसलं नको.”

मी विचारलं, काय बोलायचंय. तुम्ही बराच वेळ दम घेतलात. मग म्हणालात, “लग्न चुकलंच त्याचं, ते मी आजबी म्हणंन. पण तवा माझ्यापुढं दोन कामं हुती. लग्न थांबवायचं आनि भाऊ राखायचा. एक फोन केला असता तर पोरीचं लग्न थांबलं असतं, पण सख्ख्या भावावर पोलीस कसं आणायचं म्हणून तेबी केलं न्हाय. नुसती शिवी देऊन घरी आलो. म्हंजी पोरीला बी वाचवलं न्हाय आनि भाऊ बी गेला. त्यो शब्द मला माघारी घ्यायचाय.”

तेव्हा सांगायला हवं होतं. त्या रविवारी, त्या खाटेवर बसून. “अण्णा, ऑपरेशन होणार नाही, आज चला.” तुम्ही रागावला असता, कदाचित रडला असता, पण गेला असता. तासाभराचा तर रस्ता आहे. मी म्हणाले, “जाऊ की, आधी ताकद येऊ द्या.”

निदान तात्यांना फोन तरी करायचा. नंबर लावलाही होता एकदा. पण वाटलं, तात्या अचानक दारात आले तर तुम्हाला लगेच कळेल की हे निरोपाचं भेटणं आहे. एक खोटं झाकायला मी तुमचा भाऊ तुमच्यापासून तोडून ठेवला.

तुम्ही गेलात ते सकाळी, माझी शाळेला निघायची वेळ झालेली. गॅलरीतली तिसरी फेरी होती. तुम्ही खुर्चीवर बसलात आणि आईला म्हणालात, “आज हितंच थांबतो. उद्या भरून काढू.” आई पाणी घेऊन आली तेव्हा तुमची मान एका बाजूला गेली होती.

तुम्हाला गावाकडं नेलं. तात्या आधीच येऊन थांबले होते. सुषमा तिच्या लेकीचा हात धरून लांब उभी होती. सगळं उरकल्यावर तात्या माझ्यापाशी आले. खूप वाळलेत ते, अण्णा.

“वैशाली, दादा इतका आजारी हुता तर कळवायचं न्हाय व्हय?”

“अचानक झालं, तात्या.” त्यांच्याशीही खोटं बोलले.

“कधी नाव काढलं का माझं?”

“काढायचे.”

“शिव्याच देत आसंल,” तात्या म्हणाले, आणि उपरणं खांद्यावर टाकून चालू लागले. मी त्यांना हाक मारली नाही. माणसं होती भोवती. पण हे कारण नव्हे, तुम्हाला काय सांगायचं.

आज शाळेतून आल्यावर मी आईसमोर बसले आणि पहिल्यापासून सगळं सांगितलं. डॉक्टर काय म्हणाले, मी काय म्हणाले, फाईल कुठं आहे. मला वाटलं होतं ती रडेल, मग मला जवळ घेईल. ती मेथी निवडत होती. हात थांबला. म्हणाली, “मी त्यांला रोज बळंच चारलं. उमळून यायचं त्यांला, तरी चारलं. तुला ठावं हुतं, आनि तू बघत हुतीस?”

मी म्हणाले, “हो.”

तिनं मेथी तशीच ठेवली आणि आत जाऊन भिंतीकडं तोंड करून पडली. दिवेलागण होऊन गेली, अजून उठली नाही. मी दोनदा दारापर्यंत जाऊन आले. तिनं माफ करावं असं मी म्हणणार नाही. तुम्हालाही म्हणत नाही. तुमचे शेवटचे तीन महिने तुमचे होते, कुठं जायचं, कुणाशी बोलायचं, काय खायचं, काय नाही, हे तुमचं तुम्ही ठरवायचं होतं. ते मी एका शब्दाच्या जोरावर काढून घेतले.

उद्या पहिल्या तासाला मी त्या मुलीला तिच्या प्रश्नाचं उत्तर देईन. नीट देईन, तुम्ही द्यायचात तसं.

आणि रविवारी मी तात्यांकडं जाणार आहे. आई आली तर तिला घेऊन, नाही आली तर एकटी. जे तुम्हाला बोलायचं होतं ते तुमच्याच शब्दांत सांगेन, लग्न चुकलं हेसुद्धा गाळणार नाही. आणि मग सांगेन की तुम्ही येणार होतात, तुम्हाला मी थांबवलं. ते मला घराबाहेर काढतील, कदाचित नऊ वर्षं बोलणार नाहीत. काढू देत. पण भाऊ आपल्याला शिव्या देत मेला, असं समजून त्यांना रविवारनंतर एक दिवसही राहू देणार नाही, हा शब्द देते.

तुमची,
वैशाली